नाक मोठं नाही, फोन जवळ आहे

ताई, तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. मुलगी बारावीत आहे. एक सेल्फी टाकायच्या आधी तीस-चाळीस काढते आणि बाकीच्या पुसून टाकते. मामेबहिणीच्या लग्नाचा अल्बम आला तेव्हा स्वतःचे फोटो पाहून रडली. 'माझं नाक केवढं आहे' असं सारखं म्हणते, नाकाच्या ऑपरेशनचे व्हिडिओ बघते, आणि आता परीक्षेच्या फॉर्मचा फोटो काढायला स्टुडिओत जायला तयार नाही, कारण तिथे फिल्टर मिळत नाही. तुम्ही विचारलंय की तिचा फोन काढून घ्यावा का.

काढून घेऊ नका. तिला जे दिसतंय ते फोटोत खरोखरच तसं दिसतंय. ती खोटं बोलत नाही आणि नखरेही करत नाही. फक्त त्याचं कारण तिला कुणी सांगितलेलं नाही. मी साताऱ्यात तीसहून जास्त वर्षं फोटो स्टुडिओच्या धंद्यात आहे. रोलच्या काळापासून आजपर्यंत हजारो चेहरे समोरच्या स्टुलावर बसवले. त्या अनुभवावरून सांगतो.

आधी नाकाचं बघू.

चेहऱ्याच्या फोटोत नाक केवढं दिसणार, हे कॅमेरा किती लांब आहे यावर ठरतं. हिशोब सोपा आहे, तिला वहीवर करून दाखवा. नाकाच्या शेंड्यापासून मागे कानापर्यंत साधारण १२ सेंटीमीटर अंतर धरू. कोपर वाकवून सेल्फी काढली की फोन नाकापासून ३० सेंटीमीटरवर येतो, म्हणजे कान ४२ वर. जवळची वस्तू मोठी दिसते, त्यामुळे कानाच्या मानाने नाक १.४ पट मोठं उमटतं. आता तोच फोन दीड मीटरवर ठेवा. नाक १५० वर, कान १६२ वर, प्रमाण १.०८. दोन्ही फोटोंत त्याच नाकाचा फरक पडला जवळजवळ ३० टक्क्यांचा! बारावीची मुलगी आहे, तिला हे दोन मिनिटांत पटेल.

हा माझा एकट्याचा शोध नाही. अमेरिकेत रट्गर्स विद्यापीठातले प्लास्टिक सर्जन बोरिस पास्कोवर यांच्याकडे लोक मोबाइलवरच्या सेल्फी घेऊन येऊ लागले आणि नाक लहान करून मागू लागले. तेव्हा त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हे गणित मांडलं आणि २०१८ साली वैद्यकीय नियतकालिकात छापलं. १२ इंचांवरून काढलेल्या सेल्फीत नाकाचा तळ ५ फुटांवरच्या फोटोपेक्षा सुमारे ३० टक्के रुंद दिसतो, असं त्यांचं उत्तर आलं. त्याच्या आदल्या वर्षी तिथल्या चेहऱ्याच्या प्लास्टिक सर्जनांच्या संघटनेने आपल्या सभासदांना विचारलं होतं. 'सेल्फीत चांगलं दिसायचंय' म्हणून येणारे पेशंट आपल्याकडे आले, असं ५५ टक्के सर्जनांनी सांगितलं. म्हणजे तुमची मुलगी यात एकटी नाही. फोन जवळ धरल्यामुळे वाढलेलं नाक सुरीने कमी करायला निघालेली पुष्कळ माणसं आहेत.

आमच्या धंद्यातही बरेच जण याचं खापर लेन्सवर फोडतात. 'मोबाइलची वाइड लेन्स (जवळूनही जास्त भाग टिपणारी) आहे ना, म्हणून' असं सांगून मोकळे होतात. अर्धवट आहे ते. चेहरा बिघडवतं ते अंतर. वाइड लेन्समुळे एवढंच होतं, की चेहरा चौकटीत मोठा यावा म्हणून आपण फोन जवळ नेतो. स्टुडिओत आम्ही ८५ किंवा १०५ मिलिमीटरची लेन्स लावतो ती याचसाठी. तिच्यात कमी भाग मावतो, त्यामुळे ती लावली की चेहऱ्याचा फोटो घेताना आपोआप मागे सरकावं लागतं. दीड-दोन मीटर म्हणजे आपण कुणाशी समोरासमोर बसून बोलतो तेवढं अंतर. तिच्या मैत्रिणी, शिक्षक, तुम्ही, सगळे तिला त्याच अंतरावरून बघता. ३० सेंटीमीटरवरून माणसाला फक्त त्याचं तान्हं बाळ बघतं आणि दाताचा डॉक्टर बघतो.

दुसरी गोष्ट आरशाची. आपण स्वतःला जन्मभर आरशात पाहतो, म्हणजे उलटं. उजवीकडचा भांग उजवीकडेच दिसतो. पण समोरच्या माणसाला तो त्याच्या डावीकडे दिसतो. कुणाचाच चेहरा दोन्ही बाजूंनी सारखा नसतो. एक भुवई किंचित वर असते, ओठाचा एक कोपरा जरा खाली असतो. आरशातल्या बाजूची डोळ्यांना सवय झालेली असते, म्हणून दुसऱ्याने काढलेला सरळ फोटो पाहिला की काहीतरी खटकतं आणि आपण म्हणतो, 'मी फोटोत चांगली येत नाही.' १९७७ साली अमेरिकेतल्या संशोधकांनी हे फार सुरेख पद्धतीने तपासलं. एकाच फोटोची सरळ प्रत आणि उलटी प्रत दाखवली. फोटोतल्या बाईला बहुतेक वेळा उलटी प्रत आवडली, आरशासारखी. तिच्या जवळच्या माणसांना सरळ आवडली. मुलीचा एक फोटो मोबाइलमध्ये आडवा उलटवून तिला द्या आणि विचारा, कुठला बरा वाटतो. मग तेच तिच्या मैत्रिणीला विचारा. सेल्फी काढताना पडद्यावर आरसाच दिसत असतो, आणि काही फोन फोटो साठवताना तो सरळ करतात. 'क्लिक करताना छान दिसत होता, नंतर बिघडला' असं ती म्हणत असेल तर त्याचं कारण हे.

लग्नाचा अल्बम. ती कडेला उभी होती का, ते बघा. स्टेजवरच्या ग्रुप फोटोला फोटोग्राफरला मागे जायला जागा नसते. खुर्च्या, व्हिडिओवाले, आहेराची रांग. मग तो वाइड लेन्स लावतो. वाइड लेन्समध्ये मधली माणसं ठीक येतात आणि दोन्ही टोकांची बाहेरच्या बाजूला ताणली जातात. दंड जाड, चेहरा रुंद. नवरीची बहीण, त्यामुळे करवली म्हणून ती बाजूला उभी असणार, आणि एकेका फोटोत कडेला सरकत गेली असणार. अल्बममध्ये ती मधे उभी आहे असा एखादा फोटो शोधा आणि दोन्ही शेजारी ठेवा. फरक दिसेल.

आता फिल्टरकडे येतो. इथे मला थोडं मागचं सांगावं लागेल.

मी १९९३ साली एका जुन्या स्टुडिओत मदतनीस म्हणून लागलो. तिथे पहिलं वर्ष मी फक्त 'टचिंग' शिकलो. धुतलेली निगेटिव्ह तिरक्या डेस्कवर ठेवायची, मागून आरशाने प्रकाश टाकायचा, इमल्शनच्या, म्हणजे रसायनाचा थर असलेल्या बाजूला औषधाचा पातळ हात द्यायचा म्हणजे शिसं धरतं. पेन्सिलचं शिसं बोटभर उघडं काढून सँडपेपरवर सुईसारखं करायचं. डोळ्याखालची काळी रेघ निगेटिव्हमध्ये पारदर्शक दिसते. त्या रेघेत बारीक स्वल्पविराम भरत जायचे. जरा दाब जास्त झाला की प्रिंटमध्ये पांढरा डाग उमटायचा. एका चेहऱ्याला अर्धा तास लागायचा. म्हणजे चेहरा सुधारून देणं ही मोबाइलने आणलेली गोष्ट नव्हे. आमच्या स्टुडिओच्या आत आरसा, कंगवा आणि पावडरचा डबा कायम असायचा, आणि लोक कॅमेऱ्यासमोर येण्याआधी तिथे दहा मिनिटं घालवायचे. चांगलं दिसावंसं वाटणं यात काही वाईट नाही.

पण आमच्या मालकांचा एक नियम होता. आठवडाभरात जाणार असेल ते काढ, जन्मभर राहणार असेल त्याला हात लावू नको. पुटकुळी काढायची. तीळ, व्रण, देवीचे वण ठेवायचे. मी एकदा एका म्हाताऱ्या गृहस्थांच्या कपाळावरची खोक भरून टाकली, तर मालकांनी प्रिंट फाडली आणि मला पुन्हा निगेटिव्ह पुसायला लावली. ते म्हणाले, घरची माणसं त्यांना त्या खोकेसकट ओळखतात.

हा नियम मी स्वतः पुढे मोडला, आणि त्याची मला आजही खंत आहे. स्थळासाठी फोटो काढायला मुली यायच्या. सोबत आई किंवा मावशी. आत येता येता हळूच सांगायच्या, 'दादा, जरा उजळ काढा.' मी काढायचो. प्रिंटला एक्स्पोजर कमी द्यायचं, पुढे कॉम्प्युटर आल्यावर तर एक रेघ सरकवली की काम झालं. एकदा अशाच एका मुलीचे वडील पुन्हा आले. पाहुण्यांनी दाखवण्याच्या कार्यक्रमात सगळ्यांसमोर फोटो खिशातून काढून म्हटलं होतं, 'यात तर गोरी दिसत होती.' मुलगी चहाचा ट्रे घेऊन तिथेच उभी होती. वडील मला रागावले नाहीत. त्यांनी फक्त विचारलं, 'आहे तशी काढून मिळेल का?' त्या दिवसापासून रंगाला हात लावणं मी बंद केलं. ती मुलगी सावळी होती आणि खिडकीच्या उजेडात फार छान दिसायची. तो फोटो मी आधीच काढायला हवा होता.

मोबाइल आज हेच करतो, आणि न विचारता करतो, हा फरक आहे. पुष्कळ फोनमध्ये 'ब्युटी' नावाची सोय असते आणि कितीतरी फोनमध्ये ती आधीपासूनच चालू असते. ती त्वचा गुळगुळीत करते, रंग उजळते, काही फोनमध्ये जबडा निमुळता आणि डोळे मोठे करते. मुलीला वाटतं, हा माझा साधा फोटो. मग लग्नातल्या फोटोग्राफरच्या कॅमेऱ्यात ती सोय नसते आणि आपलाच चेहरा परका वाटतो. ही गोष्ट कंपन्यांनाही कळलेली आहे. २०२० साली गुगलने आपल्या पिक्सेल फोनमध्ये चेहरा सुधारण्याची ही सोय आधीपासून बंद ठेवायचं ठरवलं, आणि 'ब्युटी' यासारखे शब्द काढून तिथे साधे शब्द वापरायचं ठरवलं. नाव 'सौंदर्य' दिलं की नसलेला दोष मनात तयार होतो, असं त्यामागचं कारण होतं. आज संध्याकाळी तिच्याबरोबर बसून तिच्या फोनच्या कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये जा. सेल्फीच्या पडद्यावर चेहऱ्याचं किंवा जादूच्या कांडीचं चिन्ह असतं, तिथे सगळे आकडे शून्यावर आणा. ती लगेच पुन्हा वाढवेल कदाचित. हरकत नाही. ते चालू होतं हे तिला कळणं महत्त्वाचं आहे.

आणखी एक सांगतो, हे मुलीला लगेच सांगू नका, पण तुम्हाला कळावं म्हणून लिहितो. माझ्याकडे दर महिन्याला लोक गेलेल्या माणसाचा फोटो फ्रेम करायला येतात. दहाव्याला लागतो. पूर्वी जुना अल्बम किंवा ग्रुप फोटो घेऊन यायचे, त्यातून मी चेहरा मोठा करायचो. आता मोबाइल घेऊन येतात. तीन वर्षांपूर्वी एक बाई आल्या, त्यांचा एकवीस वर्षांचा मुलगा अपघातात गेला होता. फोनमध्ये त्याचे सहाशेहून जास्त फोटो होते. आम्ही दोघं काउंटरवर बसून एकेक बघत गेलो. कुठे कुत्र्याचे कान लावलेले, कुठे गाल चकचकीत, कुठे डोळ्यांचा रंगच बदललेला. त्या प्रत्येक फोटोवर बोट ठेवून म्हणायच्या, 'याच्या हनुवटीवर तीळ होता हो. तो कुठे गेला?' फोनने पुसला होता. सहाशे फोटोंत पुसला होता. शेवटी कॉलेजच्या ओळखपत्रावरचा नखाएवढा फोटो स्कॅन केला, त्यात तीळ होता. तो फुटून, धूसर होऊन मोठा झाला, तरी त्यांनी तोच घेतला.

आता तुमच्याविषयी, ताई. रागावू नका. तुमच्या स्वतःच्या मोबाइलमध्ये गेल्या वर्षभरातले तुमचे किती फोटो आहेत? कुणी कॅमेरा समोर धरला की तुम्ही काय म्हणता? स्टुडिओत मी हे रोज बघतो. मुलीला फोटोला घेऊन आलेल्या आईला म्हणावं, 'तुम्हीही बसा ना शेजारी,' तर शंभरातल्या नव्वद जणी पदराने चेहरा झाकतात. 'माझा नको, मी जाड दिसते.' 'माझा कसला फोटो आता!' पोरगी ते लहानपणापासून ऐकत असते. कॅमेरा म्हणजे परीक्षा आणि आपण त्यात नापास होतो, ही शिकवण मोबाइलच्या आधी घरातूनच मिळालेली असते.

म्हणून सुरुवात तुमच्यापासून करा. मुलीला सांगा, 'माझे तीन फोटो काढ.' पहिला ३० सेंटीमीटरवरून, दुसरा हातभर, तिसरा दीड मीटरवरून. प्रत्येक वेळी तुम्ही सरळ तिच्याकडे बघा, हसू सारखं ठेवा. मग तिन्ही फोटोंत चेहरा सारख्याच आकाराचा येईल असे कापून एकापाठोपाठ एक बघा. नाक लहान होत जाताना दिसेल, कान बाजूने पुढे येतील, गालांना जागा मिळेल. आईच्या चेहऱ्यावर घडलेलं बघितलं की तिला स्वतःवर करून बघावंसं वाटेल. आपण म्हणायची गरज पडत नाही.

फोटो काढण्याची पद्धत सांगतो. मागचा कॅमेरा वापरा, तो पुढच्यापेक्षा जवळजवळ नेहमी चांगला असतो. झूम दुप्पट करा, म्हणजे मागे सरकावंच लागतं. आधी लेन्स सुती कापडाने पुसा. पुष्कळ 'धुरकट' फोटो बोटाच्या तेलामुळे येतात. फोन डोळ्यांच्या उंचीला हवा. खालून धरला की हनुवटी आणि नाकपुड्या, वरून धरला की कपाळ मोठं. डोक्यावरच्या ट्यूबलाइटखाली कधीच काढू नका, डोळ्यांत खड्डे पडतात. सकाळी ज्या खिडकीतून थेट ऊन येत नाही अशा खिडकीपासून हातभर अंतरावर, खिडकी एका बाजूला ठेवून उभं राहायचं. सावळ्या चेहऱ्याला हा उजेड जे देतो ते कुठलाही फिल्टर देत नाही. एकटीलाच काढायचा असेल तर फोन कपाटाच्या फळीवर पुस्तकांना टेकवून ठेवायचा आणि दहा सेकंदांचा टायमर लावायचा. तोही सेल्फीच झाला. फिलाडेल्फियात रॉबर्ट कॉर्नेलियस नावाच्या माणसाने १८३९ साली स्वतःचा फोटो काढला, तो असाच. कॅमेरा उभा करून समोर जाऊन थांबला, केस विस्कटलेले, हात छातीवर. स्वतःचा फोटो काढणं फोटोग्राफीइतकंच जुनं आहे, त्यामुळे तिला त्यावरून बोलू नका.

तीस काढून एक ठेवते, हेही मला गैर वाटत नाही. आम्ही तेच करतो. कुठला टाकायचा हे कशावरून ठरवते, तेवढं विचारा. लाइकचे आकडे बघून नंतर पुसून टाकत असेल, तर इन्स्टाग्रामवर २०२१ पासून ते आकडे लपवता येतात, तिला दाखवा.

एक मर्यादा मात्र सांगतो. मी फोटोग्राफर आहे. कारण समजावल्यावर बहुतेक मुलींचं ओझं हलकं होतं, हे मी पाहिलंय. पण ती तासन्‌तास आरशासमोर असेल, कॉलेज टाळत असेल, जेवण कमी केलं असेल, कुणी कितीही समजावलं तरी नाकाचा विचार सुटतच नसेल, तर ते माझ्या हातातलं नाही. मानसोपचारतज्ज्ञांना दाखवा, आणि नाकाच्या सर्जनकडे जायच्या आधी दाखवा. सरकारची टेली-मानस सेवा आहे, १४४१६ या क्रमांकावर फुकट बोलता येतं, मराठीतही.

राहिला फॉर्मचा फोटो. नीटसारख्या परीक्षेला पांढरी पार्श्वभूमी आणि कानांसकट ८० टक्के चेहरा मागतात. परीक्षेच्या दिवशी दारावर चेहरा ताडून बघतात, तेव्हा फिल्टरचा फोटो तिलाच अडचणीत आणेल, हे तिला तसंच सरळ सांगा. स्टुडिओ गर्दीचा नको. दुपारी बारा-एकच्या सुमाराला जा, तेव्हा आम्ही मोकळे असतो. फोटोग्राफरला आधीच सांगून ठेवा की चेहऱ्याला टचिंग नको. स्टुलावर बसल्या बसल्या पहिला फोटो घेऊ देऊ नका. नवीन माणूस बसला की खांदे कानाजवळ गेलेले असतात आणि श्वास धरलेला असतो. तुम्ही कॅमेऱ्याच्या बाजूला उभ्या राहा, तिच्याशी घरचं काहीतरी बोला, तिला एकदा खोल श्वास सोडू द्या. तिसऱ्या-चौथ्या क्लिकला खांदे खाली येतात. तो फोटो घ्या.